सोंगाड्याचे शरीर आणि ढोलकीचा ठेका : दादा कोंडके यांच्या रंगमंचीय कारकिर्दीचा चिकित्सक विचार

प्रस्तावना

मराठी लोकरंगभूमीवरील समीक्षा प्रामुख्याने संहितेभोवती फिरत राहिली आहे. वगाचे कथानक, लावणीतील काव्य, शाहिरांची परंपरा यांवर विपुल लेखन झाले. परंतु ज्याच्या एका गिरकीवर किंवा चुकलेल्या पावलावर फडासमोरचा समुदाय हसत असे, त्या सोंगाड्याच्या शरीराचा विचार त्या मानाने कमी झाला. दादा कोंडके हे या उपेक्षेचे ठळक उदाहरण होय. लोकप्रियतेच्या बाबतीत त्यांच्याशी तुलना होऊ शकेल असे मराठी विनोदी नट फारच थोडे. तरीही अभ्यासक त्यांच्याकडे वळतात ते बहुधा द्व्यर्थी संवादांचे चित्रपटकर्ते म्हणून. त्यांच्या कारकिर्दीचा पाया रंगमंचावर आणि वाद्यांच्या सहवासात घातला गेला, याकडे दुर्लक्ष होते. कोंडके यांचा आंगिक विनोद हा मूलतः तालाचा विनोद आहे, हे सूत्र समोर ठेवून त्यांच्या रंगमंचीय कारकिर्दीचा विचार करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

सोंगाड्या आणि ढोलकी : परंपरेतील नाते

गण, गौळण, बतावणी, लावणी आणि वग ही तमाशाची सर्वपरिचित अंगे आहेत. फडाचा आरंभ ढोलकी आणि हलगीच्या सलामीने होतो. तुणतुणे, झांज आणि कडे ही वाद्ये तिला साथ देतात. येथे ढोलकी केवळ गाण्याच्या साथीपुरती मर्यादित राहत नाही. गौळणीत मावशी मुरडत प्रवेश करते तेव्हा तिच्या चालीला ठेका ढोलकी देते. बतावणीत सोंगाड्याने उत्तर दिले की त्यावर थाप पडते आणि प्रेक्षकाला हसण्याची जागा दाखवली जाते. ढोलकीवाला हा एका अर्थाने सोंगाड्याचा मूक सहकलाकार असतो. त्याची थाप क्षणभर आधी पडली तर विनोद मरतो आणि क्षणभर उशिरा पडली तर तो शिळा होतो.

विनोद आणि आघात यांचे हे नाते केवळ मराठी मातीपुरते नाही. इटलीच्या ‘कॉमेदिया देल्लार्ते’ या लोकनाट्यातील विदूषकी पात्राच्या हाती दोन फळ्यांची एक काठी असे. ती अंगावर मारली की इजा फारशी होत नसे, आवाज मात्र मोठा होई. आंगिक विनोदाला जगभर रूढ झालेला ‘स्लॅपस्टिक’ हा शब्द अशा काठीवरूनच आला. संस्कृत नाटकातील विदूषकाच्या हातीही वाकडी काठी असतेच. तात्पर्य, हसवणाऱ्या शरीराला आघाताच्या ध्वनीची सोबत लागते. तमाशाने ती सोबत ढोलकीच्या रूपाने अधिक संपन्न केली, कारण ढोलकीच्या दोन तोंडांना दोन स्वभाव आहेत. एका बाजूचा बोल टणक आणि चढा, तर दुसऱ्या बाजूचा घुमारदार. सोंगाड्याचा फाजील धीटपणा आणि त्याची ऐनवेळची फजिती, या दोन्ही अवस्थांना एकाच वाद्यात जागा मिळते.

गिरणगाव, बँड आणि कलापथक

कृष्णा ऊर्फ दादा कोंडके यांचा जन्म १९३२ साली मुंबईतील गिरणी कामगारांच्या वस्तीत झाला. लालबाग-नायगावच्या या परिसरात कोकण आणि देशावरून आलेल्या कामगारांनी आपापली भजने, भारुडे, नमन-खेळे आणि तमाशे सोबत आणले होते. गणेशोत्सवातील मेळे आणि मिरवणुका हीच तेथील नाट्यशाळा होती. कोंडके यांच्या करमणुकीच्या व्यवसायाचा प्रारंभ बँडपासून झाला, ही बाब त्यांच्या अभिनयाच्या दृष्टीने महत्त्वाची ठरते. बँडमधील वादकाला गर्दीत चालत वाजवावे लागते. पावले, हात आणि समोरचा जमाव या तिन्हींचे भान एकाच वेळी ठेवावे लागते. सोंगाड्यालाही नेमके हेच भान लागते.

पुढे ते राष्ट्र सेवा दलाच्या सांस्कृतिक उपक्रमांत आले. निळू फुले आणि राम नगरकर हेही याच वर्तुळातील. सेवा दलाच्या कलापथकाने तमाशाचा घाट लोकशिक्षणासाठी वापरला, पु. ल. देशपांडे यांचे ‘पुढारी पाहिजे’ हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण. त्याआधी अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांच्या लाल बावटा कलापथकाने हाच घाट श्रमिकांच्या राजकारणासाठी वळवला होता. कोंडके यांना मिळालेला वारसा असा दुहेरी होता. एका बाजूला फडाचा रांगडेपणा होता आणि दुसऱ्या बाजूला सत्तेला प्रश्न विचारणारी लोकनाट्याची दृष्टी होती.

‘विच्छा माझी पुरी करा’ : शरीराची संहिता

‘खणखणपूरचा राजा’ या लोकनाट्यातील कोंडके यांचे काम वसंत सबनीस यांना आवडले होते. कोंडके यांनी स्वतःची नाट्यसंस्था उभारली, तेव्हा सबनीसांनी त्यांच्यासाठी ‘विच्छा माझी पुरी करा’ हे लोकनाट्य लिहिले. ‘छपरी पलंगाचा वग’ या नावानेही ते ओळखले जाते. १९६५ साली रंगमंचावर आलेल्या या लोकनाट्याचे हजाराहून अधिक प्रयोग झाले.

कथानक साधे आहे. राज्याचा कोतवाल मरण पावतो. ती जागा आपल्याला मिळेल अशी हवालदाराची आशा असते. परंतु प्रधान आपल्याच नात्यातील माणसाला कोतवाल करतो. नव्या कोतवालाचा काटा काढण्यासाठी हवालदार मैनावतीची मदत घेतो. तिच्या मोहात पडलेला कोतवाल तिची एकेक इच्छा पुरवीत अखेर राजा झोपलेला छपरी पलंगच चोरण्यापर्यंत जातो. वशिलेबाजीवरील हे भाष्य प्रेक्षकाला तत्काळ कळणारे होते.

हवालदाराच्या भूमिकेत विनोदाची बीजे शरीरातच आहेत. गणवेश अधिकाराचा, मात्र तो घालणारा माणूस अधिकारहीन. वरिष्ठासमोर ताठ व्हायचे आणि पाठ वळताच सैल पडायचे, हा या भूमिकेचा स्थायीभाव. ताठरपणा आणि सैलपणा यांचे हे आलटून पालटून येणे म्हणजेच ताल होय. सलाम ठोकण्याची क्रिया घ्या. ती वेळेवर झाली तर शिस्त दिसते. अर्धा ठेका उशिरा झाली तर तीच क्रिया टवाळी बनते. सत्तेची खिल्ली उडवण्यासाठी येथे शब्दाची गरजच उरत नाही.

या प्रयोगांचे दुसरे वैशिष्ट्य म्हणजे उत्स्फूर्तता. चालू राजकारणावरील शेरे कोंडके प्रयोगागणिक बदलत असत आणि संहितेत बतावणीची मोकळी जागा ठेवलेली असल्यामुळे ते शक्य होई. अशी भर घालताना नटाला वादकावर विसंबावे लागते. वाक्य लांबले तर ठेका लांबवणे आणि टाळी आली तर थांबणे, हे काम वादकाचे. ‘विच्छा’चे यश एका नटाचे म्हणून सांगितले जाते, वास्तविक ते नट, लेखक आणि वादक यांचे सामायिक यश आहे.

या संदर्भात ‘गाढवाचं लग्न’मधील सावळ्या कुंभार अजरामर करणारे दादू इंदुरीकर यांच्याशी तुलना उद्बोधक ठरते. इंदुरीकर फडातच घडलेले सोंगाडे होते. त्यांचा विनोद भोळ्या, संथ अंगाने उलगडतो. कोंडके कामगार वस्तीतून आणि कलापथकातून आलेले. त्यांचा विनोद चपळ, खोडकर आणि शहराची घाई अंगात असलेला. परंपरा एकच असली तरी लय वेगळी आहे.

पडद्यावरील रूपांतर : लाभ आणि हानी

आशा भोसले यांनी ‘विच्छा’चा प्रयोग पाहून भालजी पेंढारकर यांच्याकडे कोंडके यांचे नाव सुचवले आणि १९६९ च्या ‘तांबडी माती’तून त्यांचा चित्रपटप्रवेश झाला. १९७१ च्या ‘सोंगाड्या’त त्यांनी साकारलेला नाम्या तमाशाच्या वेडापायी आईचा रोष ओढवून घेतो. सोंगाड्याच्या जन्माचीच ही कथा असल्यामुळे रंगमंचावरील देहबोली येथे पडद्यावर टिकून राहिली. लोंबत्या नाडीची चड्डी हा त्या देहबोलीचा दृश्य विस्तार होता. १९७५ च्या ‘पांडू हवालदार’मध्ये तर रंगमंचावरचा हवालदारच नव्या नावाने परतला आणि ‘पांडू’ हा शब्द बोलीभाषेत शिपायासाठी रूढ झाला. सलग नऊ चित्रपटांच्या रौप्यमहोत्सवांमुळे कोंडके यांचे नाव गिनीज बुकात नोंदले गेले.

परंतु या यशाची किंमतही मोजावी लागली. कॅमेऱ्यासमोर प्रेक्षकाची दाद नसते आणि थाप देणारा सहकलाकारही नसतो. ठेका संकलकाच्या कात्रीकडे जातो. अशा वेळी विनोदाचा भार शरीरावरून शब्दावर सरकणे स्वाभाविक होते. नंतरच्या चित्रपटांत द्व्यर्थी संवादच मुख्य होत गेले आणि स्त्रीपात्र अनेकदा केवळ त्या विनोदाचे निमित्त उरले. ‘विच्छा’तील मैनावती कोतवालाला नाचवते, कथानक पुढे नेते. तिच्या तुलनेत पुढील काळातील अनेक नायिका निष्क्रिय वाटतात, हे नोंदवणे आवश्यक आहे. केवळ अश्लीलतेचा शिक्का मारणारी टीका एकांगी ठरते, तसेच लोकप्रियता हेच उत्तर मानणारा गौरवही एकांगी ठरतो. तमाशातील चावटपणा सवाल-जवाबात विभागलेला असे आणि स्त्रीलाही प्रत्युत्तराचा अधिकार असे. ही देवाणघेवाण आटली, हाच खरा आक्षेपाचा मुद्दा आहे.

आणखी एक प्रश्न याहून गंभीर आहे. सोंगाड्याची आणि ढोलकीची विद्या पिढ्यान्‌पिढ्या प्रामुख्याने महार, मांग, कोल्हाटी या समाजांतील कलावंतांनी जपली. तमाशावर १९४० च्या दशकात निर्बंध आले, तेव्हा झळ त्यांनाच बसली. ‘लोकनाट्य’ या नावाने हाच घाट पांढरपेशा प्रेक्षागृहात प्रतिष्ठित झाला. मात्र त्या प्रतिष्ठेचा वाटा फडातील कलावंतांपर्यंत क्वचितच पोहोचला. कोंडके यांच्या यशाचे मूल्यमापन करताना हे ऋण दृष्टिआड करता येणार नाही.

निष्कर्ष

१) कोंडके यांचा रंगमंचीय विनोद शब्दप्रधान नसून तालप्रधान आहे आणि त्याची मुळे बँड, मेळे व तमाशा यांत आहेत.

२) ‘विच्छा माझी पुरी करा’मधील हवालदार हे सत्तेसमोर ताठ होण्याचे सोंग करणाऱ्या सामान्य माणसाचे रूप आहे, त्यातील उपहास देहबोलीतून प्रकट होतो.

३) चित्रपटात वादकाची आणि प्रेक्षकाची साथ सुटल्यामुळे आंगिक विनोदाची जागा शाब्दिक द्व्यर्थाने घेतली.

४) लोकनाट्याच्या समीक्षेने नट आणि लेखकाबरोबर वादकाचेही श्रेय नोंदवले पाहिजे.

समारोप

१४ मार्च १९९८ रोजी दादा कोंडके यांचे निधन झाले. चित्रपटांच्या रूपाने त्यांचा एक भाग सुरक्षित राहिला. परंतु हजारांहून अधिक रात्री रंगमंचावर घडलेले त्यांचे काम प्रेक्षकांच्या स्मरणातच विसावले आहे. विदर्भातील खडीगंमत आणि दंडार यांच्या बाबतीतही धोका असाच आहे. ग्रामीण भागातील महाविद्यालयांनी, शिरपूर जैनसारख्या गावांतही, परिसरातील सोंगाडे आणि वादक यांच्या आठवणी, बोल आणि हालचाली यांचे ध्वनिचित्रमुद्रण वेळीच केले, तर पुढील संशोधकाच्या हाती संहितेबरोबर ठेकाही लागेल. कागदावर विनोदाचे शब्द तेवढे राहतात. तो नेमका कोणत्या क्षणी फुटला, हे सांगण्यासाठी ढोलकीची थाप ऐकू यावी लागते.