महदंबेचे धवळे आणि आपली वेदी

जालना जिल्ह्यातील गोदाकाठचे रामसगाव मराठी वाङ्मयाच्या इतिहासात महदंबेमुळे पोहोचले. तिला 'आद्य मराठी कवयित्री' म्हणून गौरवून आपले समीक्षक बहुधा पुढे सरकतात. परंतु तेराव्या शतकातील एका विधवेला देवाधर्माच्या मंडपात उभे राहून गाण्याची मुभा मिळाली कशी, हा प्रश्न 'धवळ्यां'चे मोल ठरविताना टाळता येत नाही.

धवळे म्हणजे लग्नातील गाणी. रिद्धपूर येथे श्रीगोविंदप्रभूंच्या विवाहविधीच्या निमित्ताने महदंबेने रुक्मिणीहरणाची कथा गायिली. विधवेचे दर्शनही मंगलकार्यात अशुभ मानणाऱ्या समाजात हे घडले! रचनेत अलंकारांचा सोस नाही. काव्यकौशल्यात ती नरेंद्राच्या 'रुक्मिणीस्वयंवरा'ची बरोबरी करीत नाही, हे मान्य करावे. मात्र नरेंद्राची रुक्मिणी डोळ्यांनी पाहावी आणि महदंबेची कानांनी ऐकावी. तिच्यात माजघरातील बायकांची जिव्हाळ्याची बोली आहे.

या धिटाईमागे चक्रधरस्वामींची शिकवण होती. स्त्रीचा विटाळ हा नाकाकानांतील मळासारखाच देहधर्म, हे त्यांचे म्हणणे महानुभाव परंपरेने जपले आहे. पुढे केशोबास संस्कृतात लिहू लागले, तेव्हा नागदेवाचार्यांनी त्यांना थांबविले. केवळ मराठी जाणणाऱ्या म्हाताऱ्या वंचित राहतील, ही त्यांची चिंता होती. भाषेचे दारही त्यांनी उघडे ठेवले.

तरीही शनिशिंगणापूरचा चौथरा स्त्रियांना खुला व्हायला ८ एप्रिल २०१६ उजाडावा लागला, तोही मुंबई उच्च न्यायालयाने त्यांचा हक्क स्पष्ट केल्यावर. पण आपण कॅथॉलिकांनी दुसऱ्यांकडे बोट दाखवू नये. मुलींना वेदीसेवेची अधिकृत मुभा आपल्याकडे १९९४ साली मिळाली. वाचक व वेदीसेवक या पदांवर स्त्रियांची विधिवत नियुक्ती पोप फ्रान्सिस यांनी २०२१ साली शक्य केली.

नियम बदलले तरी मनातील उंबरठे राहतात. माझ्याच धर्मग्रामातील एका भगिनीने 'आज अडचण आहे' म्हणून मिस्सेतील वाचनास नकार दिला. मी काही न बोलता दुसऱ्या वाचकाला उभे केले. रक्तस्रावाने बारा वर्षे पीडित असलेल्या स्त्रीने प्रभू येशूच्या वस्त्राला स्पर्श केला, तेव्हा त्याने तिला कन्या म्हणून हाक मारली, हे शुभवर्तमान मी कितीदा वाचले असेन! त्या दिवशी मात्र ते मला आठवले नाही. महदंबेचे धवळे वाचताना आठवले.