मोपासांचा कारकून

गी द मोपासां याच्या ‘कंठहार’ (१८८४) या कथेची थोरवी सांगताना टीकाकार बहुधा तिच्या अखेरच्या वाक्यापाशी येऊन थांबतात. हरवलेला हार खोट्या हिऱ्यांचा होता, हे कळताच बसणारा धक्का हेच तिचे सर्वस्व, असे मानले जाते. आम्हांस हे मान्य नाही. धक्का एकदाच बसतो. ही कथा आम्ही अनेकदा वाचली आणि दर वेळी अधिकच अस्वस्थ झालो.

त्याचे कारण नायिका मातिल्द नव्हे, तिचा नवरा लुआझेल. तो शिक्षण-खात्यात कारकून आहे. मोपासांने स्वतः १८७२ पासून १८८० पर्यंत, प्रथम नौदल-खात्यात व पुढे शिक्षण-खात्यात, हीच नोकरी केली होती. हा माणूस त्याने दुरून पाहिलेला नाही. बंदुकीसाठी साठविलेले ४०० फ्रँक लुआझेल बायकोच्या पोषाखासाठी देतो. हार हरवल्यावर वडिलांचे १८,००० फ्रँक घालतो, तितकेच कर्ज काढतो आणि रात्री पानाला ५ सू या दराने नकला करीत बसतो. (फ्रँकचे २० सू. राहवले नाही म्हणून आम्ही हिशेब केला: नुसत्या नकलांवर ते कर्ज फेडायचे तर ७२,००० पाने, व्याज वेगळेच!)

तथापि त्याला निव्वळ बिचारा म्हणून सुटता येत नाही. हार सापडेना, तेव्हा मैत्रिणीला पत्र लिहिण्याची युक्ती त्याचीच. हाराची कडी मोडली, दुरुस्तीस दिला आहे, हा मजकूर त्याने सांगितला आणि मातिल्दने उतरून घेतला. मुदत मिळविण्यासाठी लिहिलेले किती अस्सल कचेरीतले पत्र! खरे तेवढे कळविले असते, तर हाराची किंमत फार तर ५०० फ्रँक आहे, हे तेव्हाच उघड झाले असते. दहा वर्षे गेली ती दैवामुळे नव्हे, या मसुद्यामुळे. मोपासां त्यावर एका शब्दाचेही भाष्य करीत नाही, हे त्याचे सामर्थ्य. ‘घोड्यावर’ (१८८३) या कथेत नौदल-खात्यातील कारकुनाची मिरविण्याची हौस अशीच महागात पडते, पण तेथे लेखकाचे हसू जरा मोठ्याने ऐकू येते.

आमची तक्रार एकच आहे. हार खोटा असल्याचे मातिल्दला रविवारी, रस्त्यावर कळते आणि कथा तेथेच संपते. लुआझेल जवळ नाही. घरी परतल्यावर तिने त्याला काय सांगितले असेल?