फुलराणी उलट्या रस्त्यानं गेली

पुण्यात कॉलेजला आले त्या पहिल्याच आठवड्यात मेसमध्ये मी 'पानी' मागितलं आणि टेबलावरच्या चौघी हसल्या. वाईट नव्हत्या त्या. एकीनं तर मला 'ण' शिकवायचं मनावरच घेतलं. आमच्या झाडीबोलीत 'ण' नाही, 'ळ' नाही, 'श' नाही. डोळ्याला आम्ही डोरा म्हणतो. दोन महिन्यांत मी सगळं शिकले आणि घरी आईशी फोनवर बोलताना अडखळायला लागले.

त्याच दिवसांत भक्ती बर्वेंचं 'ती फुलराणी'मधलं स्वगत मोबाइलवर समोर आलं. तुम्हीही पाहिलं असेल. शाळेच्या गॅदरिंगमध्ये कुणी ना कुणी ते करतंच. नाटक पु. ल. देशपांड्यांचं, शॉच्या 'पिग्मॅलियन'वरून घेतलेलं, १९७५ मध्ये रंगमंचावर आलेलं. अशोक मास्तर फुलवाल्या मंजुळेला शुद्ध बोलायला शिकवतो आणि छळ असह्य झाल्यावर ती एकटीच त्याच्यावर सूड उगवायची स्वप्नं रंगवते, ते हे स्वगत.

गॅदरिंगमधल्या मुली ते ओरडून करतात. बर्वे ओरडत नाहीत, म्हणजे फक्त ओरडत नाहीत. धमकीच्या आत रडू आहे, रडण्याच्या आत मजा आहे, आणि आवाज एकातून दुसऱ्यात जातो तेव्हा सांधा कळत नाही. बोलीची त्या नक्कल करत नाहीत. मंजुळेला दुसरी भाषाच ठाऊक नाही, असं बोलतात.

आता गंमत बघा. या बाई मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचायच्या. म्हणजे ज्या आवाजाकडे बोट दाखवून मास्तरानं मंजुळेला 'अस्सं बोल' म्हटलं असतं, तो आवाज त्यांचाच. मंजुळा बोलीकडून प्रमाणभाषेकडे गेली, बर्वे त्याच रस्त्यानं उलट्या आल्या. मला वाटतं हा उलटा प्रवास जास्त अवघड. शुद्ध बोलायला शिकवणारे गल्लोगल्ली भेटतात.

'जाने भी दो यारो' (१९८३) मध्ये त्यांनी त्या सफाईदार आवाजाचंच वेगळं काहीतरी केलं. 'खबरदार'ची संपादक शोभा सेन इतकं नीटनेटकं बोलते की ते दोन भोळे फोटोग्राफर तिच्यावर विश्वास ठेवतात, आणि ती त्यांना वापरून घेते. हा रोल फुलराणीच्या सावलीत राहिला. मला तो फुलराणीइतकाच मोठा वाटतो. शुद्ध बोलणारं माणूस शुद्धच असतं असं नाही, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार?

नाटकावर मात्र माझा राग आहे. पूर्वार्धात आपण मंजुळेच्या बोलण्यावर हसतो, मेसमधल्या त्या चौघींसारखेच. पण तो राग काढायला पु.लं.पर्यंत जायची गरज नाही. आमच्याकडे दिवाळीनंतर मंडई भरते, वडशाच्या नाटक कंपन्या गावोगाव जातात, होळीपर्यंत रात्रभर प्रयोग चालतात. गडचिरोलीच्या परशुराम खुणेंना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली ती याच झाडीपट्टी रंगभूमीसाठी. मी लहानपणापासून चादर पांघरून ही नाटकं पाहिली. मी पाहिलेल्या जवळपास प्रत्येक नाटकात हिरॉइन पुस्तकी मराठीत रडायची आणि झाडीबोली यायची ती विनोदी नटाच्या तोंडी. आमची भाषा, आमचं स्टेज, आमचेच प्रेक्षक, आणि हसायलाही आम्हीच. प्रेमात पडताना किंवा मरताना 'पानी' म्हणणारी हिरॉइन मला अजून भेटलेली नाही. थंडीत रात्रभर उभं राहून काम करणाऱ्या त्या नट्यांना मी दोष देत नाही, त्यांना संवाद तसेच लिहून मिळतात. पण लिहिणारे तर आपल्यातलेच ना?

फुलराणी पुढे इतरही अभिनेत्रींनी केली, चांगली केली. बर्वे १२ फेब्रुवारी २००१ ला मुंबई-पुणे एक्स्प्रेसवेवरच्या अपघातात गेल्या.

मागच्या दिवाळीत आईला ते स्वगत दाखवलं. चुलीपुढे बसून, फोन हातात धरून तिनं ते शेवटपर्यंत पाहिलं.

"हे आपल्यावानी नाई बोलत," ती म्हणाली, "पन रागावते आपल्यावानीच."

मग म्हणाली, परत लाव.