वेळ खाणारे बांडगूळ

बांडगूळ म्हटले की आंब्याच्या फांदीवर बसून तिचा रस शोषणारी वनस्पती आठवते. लेकरांच्या पोटातले जंत त्याच जातकुळीचे. कोणी रस खातो, कोणी रक्त, कोणी अन्न. यजमानाच्या केवळ वेळेवर पोसला जाणारा जीव मात्र सृष्टीत आढळत नाही. तो कल्पावाच लागतो. जर्मन लेखक मिखाएल एंडे यांनी 1973 साली प्रसिद्ध झालेल्या ‘मोमो’ या कादंबरीत तो कल्पिला, आणि पुढच्याच वर्षी या कादंबरीला जर्मनीतील बालसाहित्याचा मानाचा पुरस्कार लाभला. आम्ही ती इंग्रजी अनुवादातून वाचली. बालवाङ्मय म्हणून ती ओळखली जात असली, तरी आमच्या मते आईबापांनी ती मुलांच्या आधी वाचावी.

कथा थोडक्यात अशी. एका शहराच्या कडेला, पडक्या नाट्यगृहात मोमो नावाची अनाथ मुलगी राहते. दुसऱ्याचे मन लावून ऐकणे एवढीच तिची विद्या. शहरात करड्या पोशाखाची, करड्या चेहऱ्याची माणसे शिरतात. फुझी नावाच्या न्हाव्यापुढे त्यांच्यापैकी एक जण हिशेब मांडतो : सत्तर वर्षांचे आयुष्य म्हणजे 2,20,75,20,000 सेकंद. त्यांतून झोप वजा, जेवण वजा, म्हाताऱ्या आईशी बोलण्यात गेलेला वेळ वजा, चाकाच्या खुर्चीतील एका स्त्रीला रोज फूल नेऊन देण्याचा वेळही वजा. बाकी उरते शून्य. मग ‘वेळ वाचवा, आमच्याकडे ठेवा’ असा करार होतो. वाचवलेला वेळ ही करडी माणसे चिरूट करून ओढतात. चिरूट विझला की ती हवेत विरून जातात.

यातील सर्वांत मार्मिक कल्पना चिरुटाची नव्हे. तो माणूस दुकानातून निघून जाताच फुझी त्याला विसरतो. त्याने केलेला निश्चय मात्र फुझीच्या मनात राहतो, आणि तो आपलाच आहे असे त्याला वाटते. बांडगुळाची भूक यजमानाला स्वतःची भूक वाटू लागावी, याहून पक्की मुळे कोणती? मोबाईलवर अंगठा सरकवत रात्रीचे बारा वाजवणाऱ्या कोणालाही विचारा. ‘मीच बघतोय की’ असे उत्तर मिळेल. एंडे यांनी हे लिहिले तेव्हा असे मोबाईल नव्हते.

येथवर आम्ही लेखकाचे ऋणी आहोत. पण हिंगोली जिल्ह्यात बसून ही कादंबरी वाचताना एक अडचण येते. एंडे यांचे बांडगूळ घाईवर वाढते. आमच्याकडे ते ताटकळण्यावर वाढते. हळदीला शेतात आठ-नऊ महिने लागतात. ती मग शिजवायची, वाळवायची. तो वेळ कोणी खात नाही, तो पिकात उतरतो. पण तीच हळद गाडीत भरल्यावर रांगेत उभे राहण्यात जो दिवस जातो, दाखल्याच्या एका सहीसाठी ‘उद्या या’ ऐकत जे हेलपाटे होतात, तो वेळ कोणाच्या पोटात जातो? कादंबरीत याला जागा नाही. तिथे प्रत्येक जण आपला वेळ स्वतःच्या संमतीने देतो.

घाईच्या उलट टोकाचे भूत आपल्या ख्रिस्ती परंपरेला फार पूर्वीपासून ठाऊक आहे. चौथ्या शतकात इजिप्तच्या वाळवंटात राहणाऱ्या इव्हाग्रियस या तपस्व्याने भरदुपारच्या सैतानाचे वर्णन केले आहे. सकाळी दहाच्या सुमारास तो येतो. सूर्य जागचा हलत नाही असे वाटू लागते, दिवस पन्नास तासांचा होतो, आणि साधू पुनःपुन्हा खोलीबाहेर डोकावतो. (भरदुपारी पिंपळाखाली जाऊ नये म्हणणाऱ्या आपल्या आज्यांना हा परका वाटला नसता.) एंडे यांची माणसे वेळ आकसवतात, हा सैतान तो ताणतो, खाणे दोघांचे सारखेच. तरीही इव्हाग्रियसचा रोगी मनाने आजारी आहे. कचेरीच्या ओट्यावर बसलेला शेतकरी आळशी नाही. त्याला ‘वेळेचा सदुपयोग’ या विषयावर प्रवचन देणे हा त्याच्यावर दुसरा अन्याय होईल, असे आम्हांस वाटते.

त्याच्या दुखण्याला जवळचे रूपक आपल्याच मातीत आहे : नारू. वयस्कर वाचकांना तो आठवत असेल. पाण्यातील सूक्ष्म पिसवांवाटे तो पोटात जाई, साधारण वर्षाने पायातून बाहेर पडू लागे, आणि हातभर, कधी त्याहून लांब कृमी काडीवर रोज थोडा थोडा गुंडाळण्यात आठवडे जात. कामाच्या हंगामात धडधाकट माणूस ओसरीवर बसून राही. हा जीव खरा होता, आणि यजमानाचे रक्त खाण्यापेक्षा त्याचे दिवस खाण्यात तो वाकबगार होता. महाराष्ट्र हे नारूग्रस्त राज्यांपैकी एक. देशातील शेवटचा रुग्ण 1996 साली आढळला आणि 2000 साली भारत नारूमुक्त म्हणून जाहीर झाला. तो गेला कसा? रुग्णाने मनोनिग्रह केला म्हणून नव्हे. पायऱ्यांच्या विहिरींत उतरणे थांबले, पाणी गाळले गेले, हातपंप आले.

एंडे यांच्या कथेत मात्र एक मुलगी, एक कासव आणि काळाचा एक वृद्ध रखवालदार मिळून सारे संकट एका तासात निवारतात. परीकथेला ते शोभते. पण विहीर तशीच राहते, आणि समीक्षक म्हणून आमची तक्रार एवढीच आहे.

एका प्रसंगात लेखक त्या विहिरीच्या काठापर्यंत आला होता. मोठ्या माणसांना सावध करण्यासाठी शहरातील मुले फलक रंगवतात, रस्त्यांतून मिरवणूक काढतात, सर्वांना नाट्यगृहात सभेला बोलावतात. संध्याकाळ होते. मुले वाट पाहत बसतात. एकही मोठा माणूस येत नाही.