हरदत्ताची पाळी

रामटेकचें नांव निघालें कीं रसिकांस मेघदूत आठवतें. म. म. वा. वि. मिराशी यांनीं रामटेक हाच कालिदासाचा रामगिरि होय असें प्रतिपादिलें. तेथें शापाचें वर्ष कंठणारा यक्ष हा धनाधिपति कुबेराचा चाकर; कामांत चुकला म्हणून हद्दपार झालेला. परंतु धन्यापुढें कलावंताचें काय होतें हें पहावयाचें तर मालविकाग्निमित्राकडे वळलें पाहिजे. त्याची नायिकाही विदर्भाचीच राजकन्या आहे.

गणदास व हरदत्त हे राजवाड्यांतील दोन पगारी नाट्याचार्य. श्रेष्ठ कोण, याचा निवाडा शिष्यांच्या प्रयोगावरून व्हावयाचा असतो. गणदास वेतन घेतो, तरी केवळ पोटासाठीं विद्या बाळगणें त्यास वाणीपणाचें वाटतें. आपल्या कलेचीच परीक्षा होत आहे अशी त्याची समजूत. वस्तुतः राजास मालविका दिसावी म्हणून विदूषकानें ही सारी खटपट रचलेली! परीक्षक नेमलेली परिव्राजिका मोठी विदुषी. पण अंगसौष्ठव नीट कळावें या सबबीवर ती पात्रांस विरल वेषांत यावयास सांगते. मालविकेचें नृत्य संपतें, राजाचा हेतु साधतो. आणि हरदत्त पुढें येतांच मध्याह्नाची वर्दी मिळते, विदूषकास भोजन आठवतें, व त्याचा प्रयोग दुसऱ्या दिवसावर पडतो. तो दिवस रंगभूमीवर कधींच उजाडत नाहीं. हरदत्त तर राजाच्याच पक्षाचा!

असा प्रसंग नाटकांतच येतो असें नाहीं. दादासाहेब फाळक्यांनीं १९१८ सालीं भांडवल पुरविणाऱ्या भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी काढली. थोड्याच काळांत मतभेद होऊन ते काशीस गेले, आणि तेथें त्यांनीं तत्कालीन रंगभूमीवर टीका करणारें ‘रंगभूमि’ हें नाटक लिहिलें. पुढें १९२२ सालीं ते त्याच कंपनींत परतले. पैशावांचून चित्रपट निघत नाहीं, हें त्यांच्याइतकें कोणास ठाऊक होतें?

तेव्हां वेतन घेतल्यानेंच कला बाटते हें मत आम्हांस मान्य नाहीं. मालविकेचें नृत्य निर्दोष आहे व त्याचें श्रेय गणदासाचें आहे. आमचा आक्षेप परिव्राजिकेवर आहे. धन्याच्या इच्छेस तिनें शास्त्राची भाषा दिली, त्यामुळें आपण कोठें हरलों हें हरदत्तास कळणेंच अशक्य झालें. आज चित्रपट व जाहिराती यांच्या बाजारांत वावरणारे पुष्कळ गुणी लोक याच संभ्रमांत असतात.

एक शल्य उरतें. प्रेमकथा मार्गी लागतांच खुद्द कवीनेंही हरदत्तास पुनः रंगभूमीवर बोलाविलें नाहीं. एवढ्या मर्मज्ञ कवीकडून एका प्रवेशाची अपेक्षा करणें गैर झालें नसतें.