श्री. आनंद पटवर्धन ह्यांचे अनुबोधपट

ज्या शहरांत बाबूराव पेंटर ह्यांनीं 1925 सालीं ‘सावकारी पाश’ काढून कर्जबाजारी शेतकऱ्याची कहाणी पडद्यावर आणिली, त्या कोल्हापुरास वास्तवाचें वावडें असण्याचें कारण नाहीं. तथापि श्री. आनंद पटवर्धन ह्यांच्या अनुबोधपटांचा विषय निघाला म्हणजे आमच्या सुशिक्षित स्नेह्यांपैकीं पुष्कळजण एकच आक्षेप घेतात: हा मनुष्य एकांगी आहे. ह्या आक्षेपाचा थोडा विचार करावा असें आम्हांस वाटतें.

पटवर्धन तटस्थ नाहींत, व तसा आवही ते आणीत नाहींत. परंतु पक्ष घेणें निराळें आणि पुरावा दडपणें निराळें. ‘हमारा शहर’ (1985) ह्या चित्रपटांत मुंबईंतील झोपड्यांची पाडापाड दाखविली आहे. त्यांत एक स्त्री कॅमेरा घेऊन आलेल्यांनाच फैलावर घेते; आमचीं चित्रें काढून आमचें काय भलें होणार, असा तिच्या बोलण्याचा रोख आहे. दुसऱ्या एखाद्यानें हा भाग निमूटपणें कापून टाकिला असता. पटवर्धनांनीं तो ठेविला. चित्रपटास राष्ट्रीय पारितोषिक मिळालें, पण आमच्या मतें त्याची खरी थोरवी ह्या एका प्रसंगांत आहे. (सरकारी पारितोषिकांचें कौतुक फार करूं नये. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ हा असाच गौरविलेला चित्रपट दूरदर्शनवर दाखविला जावा म्हणून 2006 सालीं सर्वोच्च न्यायालयास निकाल द्यावा लागला!)

‘हमारा शहर’मध्यें विलास घोगरे नांवाचा शाहीर गातो. 11 जुलै 1997 रोजीं घाटकोपरच्या रमाबाई नगरांत, डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेमुळें जमलेल्या लोकांवर पोलिसांनीं गोळीबार केला. दहा माणसें मेलीं. कांहीं दिवसांतच घोगरे ह्यानें गळफास लावून घेतला. डाव्या चळवळींत गात आलेल्या ह्या शाहिरानें मरतांना डोक्यास निळें फडकें बांधिलें होतें. तें निळें कां, ह्याचा शोध पटवर्धनांनीं चौदा वर्षें केला, आणि ‘जय भीम कॉम्रेड’ (2011) तयार झाला. येथें ते बोलतात थोडें, ऐकतात फार. वस्त्यांतील गाणीं ते अर्ध्यावर तोडीत नाहींत. सुखवस्तु मंडळी जातीविषयीं जें सहज बोलून जातात, त्यांत आमच्या वाचकांसही ओळखीचे आवाज सांपडतील. आम्ही ह्यालाच त्यांची श्रेष्ठ कृति मानतों.

‘विवेक’ (2018) ह्यास ॲम्स्टरडॅमच्या महोत्सवांत सर्वोच्च मान मिळाला. आमचें मत किंचित् निराळें आहे. विषय आमच्या दाराशीं घडलेला. 16 फेब्रुवारी 2015 रोजीं सकाळीं फिरून परततांना कॉम्रेड गोविंद पानसरे ह्यांच्यावर ह्याच शहरांत गोळ्या झाडल्या गेल्या, व 20 तारखेस त्यांचें निधन झालें. दाभोळकर आणि पानसरे ह्यांच्यापासून निघालेला हा पट आठ भाग व जवळजवळ चार तास चालतो, पण एका माणसापाशीं थांबावें तोंच दुसरी घटना येऊन आदळते. घोगऱ्यास चौदा वर्षें मिळालीं. येथें वकिलाची घाई दिसते. घाईचें कारण आम्हांस समजतें, परंतु समजलें म्हणून ती खटकावयाची राहत नाहीं. पानसरे ह्यांचा भाग दुप्पट लांब असता तरी आमची तक्रार नव्हती.