‘कलर पिकर’चे आकडे आणि तिरंग्याचे रंग

संगणकाच्या पडद्यावरील कोणत्याही ठिकाणचा रंग आकड्यांत सांगणारे ‘कलर पिकर’ हे साधन आता शाळांपर्यंत पोचले आहे. भित्तिपत्रक, बोधचिन्ह किंवा प्रदर्शनाचा तक्ता करायचा असला की एखाद्या चित्रावर ड्रॉपर टेकवायचा, मिळालेले तीन आकडे उतरवून घ्यायचे आणि ‘अचूक’ रंग हाती आला असे समजायचे, ही पद्धत रूढ होत आहे. साधन उपयुक्त आहे यात शंका नाही. आक्षेप आहे तो त्याला चिकटवल्या जाणाऱ्या ‘अचूक’ या विशेषणाला.

हे साधन नेमके काय करते ते प्रथम पाहू. पडद्यावरील प्रत्येक चित्रबिंदूसाठी संगणकाच्या स्मृतीत तांबडा, हिरवा आणि निळा यांचे तीन आकडे साठवलेले असतात. प्रत्येक आकडा ० ते २५५ यांच्या दरम्यान असतो. त्यांतून १ कोटी ६७ लाखांहून अधिक जोड्या संभवतात. कलर पिकर हे आकडे वाचून दाखवतो, एवढेच त्याचे काम. पडद्यातून बाहेर पडणारा प्रकाश तो पाहतच नाही. पडद्याची उजळता निम्म्यावर आणा. डोळ्यांना फरक लगेच जाणवेल, पण पिकरचे आकडे तेच राहतील. तापमापी उन्हातून सावलीत नेल्यावरही पारा हलला नाही, तर आपण तिला तापमापी म्हणू का?

दुसरा प्रयोग वर्गात करण्याजोगा आहे. एका चौकोनात एक ओळ काळी, एक ओळ पांढरी अशा एकेक चित्रबिंदू जाडीच्या आडव्या ओळी आखा. शेजारी १२८, १२८, १२८ या आकड्यांचा करडा चौकोन काढा. दोन्ही चौकोन मूळ आकारातच ठेवून थोड्या अंतरावरून पाहा. ओळींच्या चौकोनातून निम्मा प्रकाश येतो आणि १२८ हा २५५ च्या निम्मा. तेव्हा दोन्ही सारखे दिसावेत अशी अपेक्षा. प्रत्यक्षात करडा चौकोन बराच गडद दिसतो. ओळींशी जुळण्यासाठी करड्याचा आकडा साधारण १८८ पर्यंत न्यावा लागतो. कारण आकडा आणि प्रकाश यांचे प्रमाण सरळ नाही. १२८ या आकड्याला पांढऱ्याच्या केवळ २२ टक्के प्रकाश मिळतो. आणि पिकर? तो ओळींच्या चौकोनात ० किंवा २५५ एवढेच सांगतो. डोळ्यांना दिसणारा करडा रंग त्याच्या गावीही नसतो.

या त्रुटीची जाणीव काही साधनांत दिसते. मॅकवरील ‘डिजिटल कलर मीटर’ मध्ये आकडे कोणत्या रंगप्रणालीत हवेत ते निवडता येते. विंडोजसाठीच्या ‘पॉवरटॉइज’ मधील पिकर आंतरराष्ट्रीय प्रकाश आयोगाच्या, म्हणजे सीआयईच्या, मापनपद्धतीतही आकडे देतो. ही सोय चांगली आहे, पण ती फसवीही ठरू शकते. ते आकडे मोजलेले नसतात. पडदा १९९९ च्या एसआरजीबी या मानकाप्रमाणे वागतो असे गृहीत धरून ते गणिताने काढलेले असतात.

या भेदाचे महत्त्व आपल्या राष्ट्रध्वजाच्या उदाहरणाने स्पष्ट होईल. ध्वजाचे भारतीय मानक, आय.एस. १, हे १९५१ साली प्रसिद्ध झाले. नंतर त्यात सुधारणा झाल्या. त्यात कापडाचे रंग सीआयईच्या १९३१ च्या पद्धतीने, विशिष्ट प्रमाणित प्रकाशात दिले आहेत. केशरी रंगाची उजळता २१.५, हिरव्याची ८.९ आणि पांढऱ्याची ७२.६ अशी आहे. आता संगणकावर सर्रास वापरला जाणारा ‘तिरंग्याचा केशरी’ घ्या. पिकर त्याचे आकडे २५५, १५३, ५१ असे देतो. एसआरजीबीत उजळतेतील तांबड्याचा वाटा सुमारे २१, हिरव्याचा ७२ आणि निळ्याचा ७ टक्के असतो. येथे तांबडा पूर्ण, म्हणून २१. हिरव्याच्या १५३ या आकड्याला ३२ टक्के प्रकाश, म्हणून त्याचे २३. निळा नगण्य. बेरीज ४४, म्हणजे मानकाच्या दुप्पट! प्रचलित हिरव्याचे आकडे १९, १३६, ८. त्याची उजळता सुमारे १८, म्हणजे पुन्हा दुप्पट.

पडद्याचा पांढरा १०० आणि कापडाचा ७२.६, तेव्हा ही तुलना अन्यायाची आहे असे कोणी म्हणेल. म्हणणे रास्त आहे. मग पांढऱ्याशी प्रमाण काढू. मानकात केशरी पांढऱ्याच्या ३० टक्के आणि हिरवा १२ टक्के. पडद्यावर ते ४४ आणि १८. फरक दीडपटीचा उरतोच. शिवाय मानकातील हिरव्याचे रंगनिर्देशक ०.२८८ आणि ०.३९५ आहेत, तर पडद्यावरील हिरव्याचे हिशेबाने ०.३० आणि ०.५९ येतात. एसआरजीबी पडद्याच्या मूळ हिरव्या प्रकाशाचे निर्देशक ०.३० आणि ०.६० आहेत. म्हणजे आपण ध्वजाचा संयत हिरवा म्हणून पडद्याचा जवळजवळ शुद्ध हिरवा वापरत आहोत. दोन्ही मानकांचे प्रमाणप्रकाश किंचित वेगळे आहेत, पण त्याने एवढी तफावत पडत नाही.

येथे पिकर चुकला का? मुळीच नाही. त्याने चित्रातील आकडे चोख सांगितले. चित्रच मानकाशी जुळत नव्हते आणि ते ओळखण्याचे साधन पिकरकडे नाही. विज्ञानात आपण सूक्ष्मता आणि यथार्थता या दोन वेगळ्या गोष्टी मानतो. पिकरकडे पहिली भरपूर आहे, दुसरीची हमी तो देऊ शकत नाही.

म्हणून शिक्षकांना काही सूचना कराव्याशा वाटतात. एकाच तक्त्यातील दोन ठिकाणचे रंग जुळवण्यासाठी पिकर जरूर वापरावा; त्यात तो निष्णात आहे. छायाचित्रातील रंग घेताना एका बिंदूवर विसंबू नये. शेजारच्या दहा-वीस बिंदूंचे आकडे घेऊन त्यांतील विखुरणे पाहावे. छापायचे असेल तर आधी नमुना छापून तो दिवसाच्या उजेडात तपासावा. आणि एखाद्या रंगाचे मानक असेल, तर चित्राकडे न जाता मानकाकडे जावे. ध्वजाच्या रंगांचा वरील हिशेब नववी-दहावीचे विद्यार्थी सहज करू शकतील. आकडा दिसला की ‘हा कोणी, कशाने आणि कोणत्या प्रकाशात मोजला?’ असे विचारण्याची सवय त्यांना त्यातून लागली, तर या साधनाचा शाळेला तोच मोठा उपयोग ठरेल.